रायग्रासच्या पोटातली बुरशी: मारावी, जपावी की बदलावी?

प्रश्न मूळच्या सांगली जिल्ह्यातल्या, सध्या न्यूझीलंडच्या वायकाटो भागात डेअरी फार्मवर काम करणाऱ्या एका तरुणाचा आहे. फार्मवरची चार जुनी पॅडॉक, म्हणजे कुंपण घातलेले कुरणाचे तुकडे, येत्या मार्च-एप्रिलमध्ये मोडून नव्याने पेरायची आहेत. रायग्रास या चाऱ्याच्या गवताच्या बियाण्याच्या पोत्यावर जातीच्या नावापुढे ‘एआर-३७’ असे छापलेले आहे आणि ती गवताच्या आत राहणारी बुरशी आहे, असे त्यांना सांगण्यात आले. याच जुन्या पॅडॉकांत गेल्या फेब्रुवारीत, म्हणजे तिथल्या उन्हाळ्यात, कोकरे आणि काही कालवडी थरथरत होत्या, हाकलल्या की पडत होत्या. ही बुरशी औषध मारून संपवता येईल का, नसेल तर कोणते बियाणे घ्यावे, शेजारच्या तुकड्यात दोन तट्टे चरतात त्यांचे काय, आणि हे बियाणे गावी वडिलांच्या गायींसाठी नेता येईल का, असे त्यांनी विचारले आहे.

कुरणांच्या सल्ल्याचे काम करताना पहिला प्रश्न मला जवळजवळ दरवर्षी ऐकायला मिळतो आणि त्याचे कारणही ठाऊक आहे. वायकाटोत उन्हाळ्याच्या अखेरीस काही शेतकरी कुरणावर बुरशीनाशक फवारतात आणि नवा माणूस ते पाहतो. ती फवारणी फेशियल एक्झिमा या रोगासाठी असते. त्या रोगाची बुरशी गवताच्या बुडाशी साचलेल्या मेलेल्या पाचोळ्यावर वाढते, उबदार दमट हवेत तिचे बीजाणू वाढतात, आणि ते पोटात गेले की त्यांतल्या विषाने जनावराचे यकृत बिघडते. तिथे बीजाणूंची संख्या वाढण्याआधी केलेल्या फवारणीचा आणि जनावरांना जस्त देण्याचा उपयोग होतो. आपल्या पोत्यावरची बुरशी पाचोळ्यावर वाढत नाही. ती जिवंत रोपाच्या आत, बियाण्यापासून पुढच्या बियाण्यापर्यंत राहते, आणि बाहेरून पाहून ती आहे की नाही हे कोणालाही सांगता येत नाही. बियाण्यातली ही बुरशी उष्णतेने किंवा आंतरप्रवाही बुरशीनाशकाने मारता येते, आणि तुलनेच्या प्रयोगांसाठी संशोधकांनी तसे केलेलेही आहे. उभ्या कुरणातून मात्र ती फवारणीने काढणे व्यवहारात जमत नाही, आणि जमले तरी वायकाटोत ते करू नये असेच मी सांगेन.

का करू नये, हे कळण्यासाठी या बुरशीचा संसार पाहावा लागतो. बारमाही रायग्रासमधल्या या बुरशीचे आजचे शास्त्रीय नाव एपिक्लोई फेस्टुसी, प्रकार लोलिआय असे आहे. जुन्या पुस्तकांत तीच आधी अ‍ॅक्रेमोनियम आणि १९९६ नंतर निओटायफोडियम या नावाने आढळते. २०१४ च्या पुनर्रचनेत ती सारी मंडळी एपिक्लोई या एका नावाखाली आली. सामान्य बोलण्यात सगळे तिला एंडोफाइट म्हणतात आणि तोच शब्द मी इथे वापरतो. तिचे तंतू पेशींच्या मधल्या जागेत राहतात, पेशी फोडून आत शिरत नाहीत, आणि तिथल्या साखरेवर व इतर पोषणद्रव्यांवर जगतात. फुटव्याला वेढणारा पानाचा खालचा भाग, म्हणजे पर्णकोष, आणि फुलोरा येथे ते दाट असतात. पानाच्या पात्यात विरळ असतात आणि मुळांत जवळपास नसतातच. ही गोष्ट लक्षात ठेवा, कारण चराईचा सगळा हिशेब तिच्यावर आहे.

बुरशीचा तंतू एरवी टोकाकडे वाढतो. गवताचे पान मात्र तळाशी लांबते, आणि अशा लांबणाऱ्या पानाला चिकटलेला, फक्त टोकाला वाढणारा तंतू ताणून तुटायला हवा. २००८ मध्ये न्यूझीलंडमधल्या संशोधकांनी दाखवून दिले की हे तंतू पान लांबते त्याच वेगाने आपल्या मधल्या भागात लांबतात, आणि पानाची वाढ थांबली की तेही थांबतात. त्याआधी २००६ मध्ये बुरशीतले नॉक्स-ए नावाचे एकच जनुक निकामी करून पाहिल्यावर हा संयम सुटला, बुरशी रोपात बेसुमार वाढली आणि रोप खुरटून मरू लागले. म्हणजे गवत आणि बुरशी यांचा हा सलोखा आपोआप टिकलेला नाही. त्याला दोन्ही बाजूंचा लगाम आहे. तरुण वयात हे वाचले तेव्हा मी कितीतरी दिवस प्रत्येक फुटवा सोलून सूक्ष्मदर्शकाखाली पाहत असे, हे इथे कबूल करायला हरकत नाही.

गवत फुलावर आले की तंतू बीजांडात शिरतात आणि बियाण्यातून पुढच्या पिढीत जातात. परागकणांतून ही बुरशी जात नाही, शेजारच्या रोपाला तिची लागण होत नाही. ती फक्त आईकडून येते. तिचे पुढचे सारे भवितव्य त्या रोपाच्या जगण्यावर अवलंबून असल्याने रोप टिकवण्यात तिचा स्वार्थ आहे, आणि त्यासाठी ती जी अल्कलॉइड रसायने तयार करते त्यांतच आपल्या कालवडींच्या थरथरीचे उत्तर आहे.

जुन्या कुरणातल्या रानटी, म्हणजे न निवडलेल्या एंडोफाइटची तीन रसायने आपल्याला माहीत हवीत. पेरामाइन हे अर्जेंटाइन स्टेम वीव्हिल या सोंडकिड्याला गवत खाण्यापासून आणि त्यावर अंडी घालण्यापासून परावृत्त करते आणि जनावराला त्याचा त्रास होत नाही. एर्गोव्हॅलिन काळ्या भुंग्याला दूर ठेवते; हा भुंगा आपल्याकडच्या हुमणीच्या कुळातला आहे, त्याची अळीही मुळेच खाते. पण एर्गोव्हॅलिनने जनावराच्या रक्तवाहिन्या आकसतात, प्रोलॅक्टिन हे संप्रेरक घटते, अंगातली उष्णता बाहेर पडत नाही आणि दूध कमी होते. तिसरे लोलिट्रेम-बी. ते मज्जातंतूंमधल्या आणि स्नायूंमधल्या विशिष्ट पोटॅशियम वाहिन्या अडवते, आणि त्यातून रायग्रास स्टॅगर्स हा विकार होतो: डोके हलते, पाय ताठतात, हाकलले की जनावर कोसळते, आणि एकटे सोडले तर काही मिनिटांत उठून चरायला लागते. आपण लिहिलेले वर्णन नेमके हेच आहे.

यातला विचित्र भाग असा की एकाच बुरशीचा हा दोष आणि हा गुण न्यूझीलंडमध्ये जवळजवळ एकाच वेळी उघड झाला. १९८१ मध्ये फ्लेचर आणि हार्वी यांनी स्टॅगर्सचा संबंध एंडोफाइटशी जोडला. साहजिकच बियाण्यातून बुरशी काढून टाकण्याचा विचार पुढे आला, आणि पुढच्याच वर्षी प्रेस्टिज व सहकाऱ्यांनी दाखवले की बुरशी नसलेले रायग्रास सोंडकिडा खाऊन टाकतो. त्या किड्याची अळी फुटव्याच्या आतून बोगदा काढते आणि एक अळी एकामागून एक अनेक फुटवे मारते. १९९१ पासून त्याच्यावर दक्षिण अमेरिकेतली एक परजीवी गांधीलमाशी सोडली गेली, सुरुवातीला तिचा चांगला उपयोग झाला, पण पुढे तिचा प्रभाव ओसरल्याचे आढळले. भार पुन्हा बुरशीवरच आला.

अमेरिकेने हाच धडा टॉल फेस्क्यू या गवतावर गिरवला होता. १९३१ मध्ये केंटकीतल्या एका डोंगरउतारावर हिरवेगार राहिलेले हे गवत विद्यापीठाच्या लोकांच्या नजरेत भरले आणि १९४३ मध्ये ते ‘केंटकी-३१’ या नावाने प्रसृत झाले. ते दुष्काळात टिके, जमीन धरून ठेवी, तुडवले तरी उठे. फक्त त्यावरची गुरे नीट पोसत नसत. उन्हाळ्यात केस राठ होत, गुरे दिवसभर डबक्यात उभी राहत, थंडीत काहींच्या खुरांचा आणि शेपटीच्या टोकाचा भाग मरून गळून पडे. गवतात विशेष काही आढळेना. १९७७ मध्ये जॉर्जियातल्या चार्ल्स बेकन आणि सहकाऱ्यांनी या गवतातल्या अंतर्वासी बुरशीकडे बोट दाखवले. मग बुरशीविरहित बियाणे बाजारात आले, गुरांची वजने वाढली, आणि दक्षिणेकडच्या कडक उन्हाळ्यात व कडक चराईखाली ती कुरणेच विरळ होत गेली. जे विष गुरांना छळत होते तेच गवताला तारत होते, हे तेव्हा अनेकांच्या ध्यानात आले.

तिसरा मार्ग यातूनच निघाला. एंडोफाइटच्या सगळ्या वाणांना सगळी रसायने बनवता येत नाहीत. युरोप आणि भूमध्य समुद्राभोवतीच्या जुन्या गवतांतून असे वाण गोळा करून, जनावराला त्रास देणारी रसायने न बनवणारे पण किडीला आवरणारे वाण निवडून, ते कोवळ्या रोपांत हाताने टोचून नव्या जातींत बसवले गेले. पोत्यावरचा ‘एआर’ हा अशा निवडलेल्या वाणाचा क्रमांक आहे. थोडक्यात, पोत्यात आपण दोन जीव विकत घेत असता, एक गवताची जात आणि एक बुरशीचा वाण. आणि माझ्या अनुभवाने वायकाटोत दुसऱ्याची निवड पहिल्याइतकीच, कधी कधी अधिक महत्त्वाची ठरते.

एआर-१ हा वाण २००० नंतर लवकरच बाजारात आला. तो पेरामाइन बनवतो, लोलिट्रेम-बी आणि एर्गोव्हॅलिन बनवत नाही. त्यामुळे जनावरांसाठी तो निर्धोक आणि सोंडकिड्यासाठी चांगला आहे. काळ्या भुंग्यापुढे मात्र तो तोकडा पडतो आणि मुळांवरच्या माव्याला तर मुळीच आवरत नाही. २००७ मध्ये आलेला एआर-३७ वरच्या तिन्हींपैकी एकही रसायन बनवत नाही. त्याची रसायने वेगळी आहेत, त्यांना एपॉक्सी-जॅन्थिट्रेम म्हणतात, आणि त्यांमुळे सोंडकिड्याची अळी, काळा भुंगा, मुळांवरचा मावा, पिठ्या ढेकूण आणि पोरिना नावाची रात्री चरणारी अळी या सगळ्यांना चाप बसतो. गायींना त्यापासून त्रास झाल्याचे आढळत नाही, पण मेंढ्यांना, विशेषतः कोकरांना, कडक उन्हाळ्यात बुडापर्यंत चारले तर स्टॅगर्स होऊ शकतो. काही विक्रेते ‘एआर-३७ म्हणजे पूर्ण सुरक्षित’ असे सांगून मोकळे होतात; ते गायींपुरते खरे आहे. याशिवाय एनईए-२ सारखे वाण आहेत, ज्यांत एर्गोव्हॅलिन आणि लोलिट्रेम थोड्या प्रमाणात असतात.

आपल्या चार पॅडॉकांत गायी आणि कालवडीच चरणार असतील, आणि वायकाटोत काळा भुंगा असतोच असे धरून चालावे लागते, तर मी एआर-३७ च घेईन. कोकरे ठेवायचीच असतील तर त्यांच्यासाठी एक पॅडॉक एआर-१ चे करावे आणि उन्हाळ्यात ती तिथेच ठेवावीत. तट्टांचा विचार वेगळा आहे. घोडा या रसायनांना हळवा असतो, बिथरला की स्वतःला आणि जवळच्या माणसाला इजा करतो, म्हणून त्याला रानटी एंडोफाइटचे आणि एआर-३७ चेही कुरण नको. तिथे एआर-१ किंवा रायग्रासऐवजी टिमथी, ब्रोमसारखी गवते बरी. तट्टांपैकी एखादी गाभण घोडी असेल आणि जवळ रानटी एंडोफाइटचे टॉल फेस्क्यू असेल, तर विणीआधीचे शेवटचे दोन-तीन महिने तिला तिथे मुळीच सोडू नये. गर्भकाळ लांबणे, वार जाड होणे आणि विल्यावर दूधच न उतरणे हे तिथले नेहमीचे दुखणे आहे.

आता बियाण्याबद्दल, आणि इथे मी माझी स्वतःची चूक सांगतो. सुरुवातीच्या वर्षांत एका शेतकऱ्याकडे उरलेली काही पोती पत्र्याच्या शेडमध्ये दोन उन्हाळे पडली होती. मी उगवण तपासली, ती उत्तम निघाली, आणि मी पेरायला सांगितले. कुरण दिमाखात उगवले. दुसऱ्या उन्हाळ्यात ते सोंडकिड्याने खाल्ले, कारण बियाणे जिवंत होते पण त्यातली बुरशी उष्णतेने आणि दमटपणाने कधीच मेली होती. बियाण्याआधी बुरशी मरते, हे मला वाचून माहीत होते; तरीही उगवणीच्या आकड्याने मला फसवले. म्हणून ताजे बियाणे घ्यावे, पोत्यावर किंवा प्रमाणपत्रावर जिवंत एंडोफाइटचे प्रमाण विचारावे, आणि ते ७० टक्क्यांहून कमी असेल तर परत करावे. पेरणीपर्यंत पोती थंड, कोरड्या जागी ठेवावीत आणि पुढच्या वर्षासाठी शिल्लक ठेवू नयेत.

जुने कुरण मोडताना घाई केली तर सगळा खर्च वाया जातो. रानटी एंडोफाइटची जुनी रोपे आणि मातीत पडलेले त्यांचे बी शिल्लक राहिले, तर तीच जोमदार रोपे काही वर्षांत पुन्हा वरचढ होतात आणि मग ‘नव्या गवतातही स्टॅगर्स आला’ अशी तक्रार येते. शक्य असेल तर मध्ये मका, टर्निप किंवा चिकोरीचे एक पीक घ्यावे आणि पिकाच्या आधी व नंतर अशी दोनदा तणनाशकाची फवारणी करावी. जुन्या पॅडॉकवरचे बी धरलेले सुके गवत नव्या पॅडॉकात टाकू नये, आणि जुन्या फुलोऱ्यावर चरून आलेली जनावरे थेट नव्या पेरणीत सोडू नयेत, कारण शेणातून बी जिवंत बाहेर पडते. उगवणीनंतर सहा-सात आठवड्यांनी पॅडॉकभर फिरून वीसेक फुटवे अगदी बुडापासून कापावेत आणि प्रयोगशाळेकडे पाठवावेत. पर्णकोषाचा छाप घेऊन किंवा रंग देऊन सूक्ष्मदर्शकाखाली तंतू पाहता येतात. या तपासणीचा खर्च नव्या पेरणीच्या खर्चापुढे किरकोळ आहे.

पेरणी होईपर्यंत हा उन्हाळा काढायचा आहे, त्याबद्दल. लोलिट्रेम साधारण जानेवारी ते एप्रिल या काळात वाढते आणि बुडाशी व फुलोऱ्यात साठते, म्हणून जुनी पॅडॉक खरडून चारू नका. वरचे पाते खाऊ द्या आणि उरलेली भूक मुरघासावर किंवा मक्यावर भागवा. थरथर दिसली की जनावरे त्या गवतावरून हलवा, पण कुत्रा लावून किंवा मोटरसायकलने नव्हे, सावकाश चालवत. या विकाराने जनावर सहसा थेट मरत नाही. ते पळताना पडून, चरात किंवा पाण्यात अडकून मरते. विष बंद झाले की आठवडा-दोन आठवड्यांत बहुतेक जनावरे पूर्ण सावरतात.

यात एक धोक्याची जागा आहे आणि ती केवळ नावामुळे निर्माण झाली आहे. न्यूझीलंडमध्ये ‘ग्रास स्टॅगर्स’ म्हणतात तो विकार निराळा; तो रक्तातल्या मॅग्नेशियमच्या कमतरतेचा असतो आणि बहुधा वसंतात, म्हणजे ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये, नुकत्याच व्यालेल्या गायीला होतो. ती गाय एकटी सोडल्यावर उठत नाही, तासाभरात मरूही शकते. तेव्हा वसंतात थरथरणारी गाय दिसली तर बुरशीचा विचारही न करता पशुवैद्यांना ताबडतोब बोलवा.

राहिला गावाचा प्रश्न. बियाणे सामानातून नेऊ नका. भारतात पेरणीचे बियाणे आणण्यासाठी २००३ च्या वनस्पती संगरोध आदेशाप्रमाणे आयात परवाना आणि वनस्पती आरोग्य प्रमाणपत्र लागते. पण परवाना मिळाला तरी उपयोग नाही. बारमाही रायग्रास हे थंड हवेचे गवत आहे, सांगलीचा एप्रिल ते काढू शकणार नाही. आपल्याकडची नेपिअर, मारवेल, पवना, डोंगरी ही उष्ण हवामानातली गवते. एपिक्लोईचा संसार थंड हवेच्या गवतांतला असल्याने त्यांच्यात ही बुरशी नाही आणि तिच्यामुळे होणारी थरथरही नाही. वडिलांच्या गायींसाठी राहुरीच्या कृषी विद्यापीठाची ‘फुले जयवंत’ ही संकरित नेपिअर कितीतरी उपयोगी पडेल.

मात्र या बुरशीचे भाऊबंद आपल्या शिवारात आहेत, आणि ते इतके सोज्वळ नाहीत. पश्चिम घाटातल्या भातपट्ट्यात कधी कधी लोंबी मोकळी न होता राखाडी-पांढऱ्या कडक कांडीसारखी, अगदी उदबत्तीसारखी बाहेर येते. त्याला उदबत्ता रोग असेच म्हणतात. ती बुरशी एपिक्लोईच्याच कुळातली, तीही बियाण्यातून येते आणि रोपाच्या आतून वाढत जाते, फक्त फुलोऱ्याच्या वेळी यजमानाचे दाणेच होऊ देत नाही. बियाणे ५४ अंश सेल्सिअसच्या पाण्यात १० मिनिटे ठेवण्याचा उपाय तिच्यासाठी सांगितला जातो. दुसरा नातेवाईक बाजरीवरचा अरगट. फुलोऱ्यातून मधासारखा चिकट स्राव गळतो आणि दाण्याच्या जागी काळपट कठीण गाठी होतात. त्या खाण्यात आल्या तर माणसाला मळमळ आणि गुंगी येते, आणि जनावरालाही त्या घालू नयेत. वडील बाजरी घरचेच बी ठेवून पेरत असतील तर १० लिटर पाण्यात २ किलो मीठ विरघळवून त्यात बियाणे ढवळायला सांगा. वर तरंगणाऱ्या गाठी आणि पोचट दाणे काढून जाळावेत, तळाचे बी दोन-तीन वेळा स्वच्छ पाण्याने धुऊन सावलीत वाळवावे आणि मगच पेरावे.